उत्तराताईंबरोबर नागानोला

आमच्या इमारतीत उत्तराताई पाचव्या मजल्यावर राहतात आणि कधीही लिफ्ट घेत नाहीत. आम्ही टोकियोतल्या निशी-कसाईला आलो त्या पहिल्या आठवड्यातच मी त्यांना दोन्ही हातांत भाजीच्या पिशव्या घेऊन जिना चढताना पाहिलं. मी लिफ्टचं दार धरून म्हटलं, "या ना, जागा आहे." त्या हसल्या. "नको गं, जिना बरा. गुडघे चालते राहतात." मला वाटलं, बाई तब्येतीची काळजी घेणारी दिसते.

मूळच्या त्या चिंचवडच्या. लग्नानंतर नवऱ्याबरोबर, म्हणजे सौमित्र सबनीसांबरोबर, टोकियोला आल्या. सौमित्र सॉफ्टवेअरमध्ये. सकाळी गच्च भरलेल्या तोझाई लाइनच्या मेट्रोने जायचे आणि रात्री जेवायला तेवढे घरी यायचे. उत्तराताईंना तेव्हा जपानीतला ओ की ठो कळत नव्हता. एक दिवस दाराची बेल वाजली. दारात खालच्या मजल्यावरच्या म्हाताऱ्या मोरिता-सान उभ्या, हातात उत्तराताईंचीच कचऱ्याची पिशवी. चुकीच्या दिवशी चुकीचा कचरा ठेवला होता. त्यांनी तिथेच व्हरांड्यात वर्तमानपत्र पसरलं, पिशवी उपडी केली आणि एकेक वस्तू उचलून दाखवायला सुरुवात केली. हे जळणारं, हे न जळणारं, ही बाटली धुऊन, हे झाकण वेगळं. उत्तराताई सांगतात, "लाजेने मेल्यासारखं झालं मला. पण त्या चिडलेल्या नव्हत्या गं. शाळेतल्या बाई शिकवतात तसं शिकवत होत्या."

दुसऱ्या दिवशी त्यांनी मोरिता-सानना थालीपीठ नेऊन दिलं. मोरिता-साननी ते वास घेऊन, उलटंसुलटं करून खाल्लं आणि संध्याकाळी आपल्या गावचं ओयाकी आणून दिलं. ओयाकी म्हणजे भाजीचं सारण भरून वाफवलेला, मग तव्यावर खरपूस केलेला पिठाचा गोळा. मोरिता-सान नागानोकडच्या. त्या ओयाकीवरून दोघींची मैत्री झाली आणि मैत्रीतून उत्तराताईंचं जपानी. पुस्तकातलं नाही, म्हातारीच्या तोंडचं. उत्तराताईंची मुलगी मिताली इथेच वाढलेली. ती अजून हसते. आईने मराठीत हाक मारली की जपानीत उत्तर देते आणि वर म्हणते, "आई, तू बोलतेस ना, तर आमच्या वर्गातल्या मुलींच्या आजीसारखी वाटतेस."

गाइड व्हायचं असं त्यांनी काही ठरवलेलं नव्हतं. सासू-सासरे आले, सौमित्रना रजा नव्हती, म्हणून त्या दोघांना घेऊन नागानोला गेल्या. मोरिता-साननी त्यांना पूर्वी एकदा नेलं होतं, तोच रस्ता. मग शेजारच्यांचे आईवडील आले, त्यांना नेलं. मुलं दिवसभर ऑफिसात आणि आईवडील खिडकीपाशी बसलेले, अशी घरं आमच्याकडे दर हिवाळ्यात असतात. हळूहळू एका छोट्या प्रवास कंपनीने त्यांना बोलावलं. आता थंडीत जवळजवळ दर शनिवारी उत्तराताई आठ-दहा ज्येष्ठ मराठी मंडळी घेऊन नागानोला जातात. सकाळी बर्फातली माकडं, दुपारी सोबाच्या शेवया, मग झेनकोजीचं देऊळ आणि रात्री जेवायला घरी.

यंदा फेब्रुवारीत माझे बाबा ठाण्याहून आले होते, म्हणून त्यांच्याबरोबर मीही गेले.

टोकियो स्टेशनवर उत्तराताई केशरी शाल छत्रीला बांधून उभ्या होत्या. आल्याआल्या त्यांनी सगळ्यांच्या चपला-बूट पाहिले. माझ्या बाबांचे बूट पाहून म्हणाल्या, "शशिकांतकाका, हे लग्नाचे बूट आहेत. बर्फावर हे तुम्हाला पोचायच्या आत पोचवतील." आणि पिशवीतून बुटांना खालून बांधायचे काटेरी पट्टे काढून दिले. बाबांनी अडतीस वर्षं कॉलेजात शिकवलेलं, त्यांना असं कोणी बोललेलं चालत नाही. पण ते मुकाट्याने पट्टे घेऊन बसले.

त्या गटात वीणा मावशी होत्या. कोथरूडच्या, सत्तरीच्या आसपास, नऊवारीची सवय सुटून पंजाबी ड्रेसची झालेल्या, गोऱ्या, बारीक, बोलक्या. मुलगा स्वानंद इथे नोकरीला, एकटाच. तो त्यांना गाडीत बसवून, उत्तराताईंना दहा वेळा "जरा लक्ष ठेवा हं" सांगून ऑफिसला गेला. शनिवारीसुद्धा. गाडी सुटल्यावर वीणा मावशींनी जाहीर केलं, "माझी आज एकादशी आहे. पण तुम्ही काळजी करू नका, मी राजगिऱ्याचे लाडू आणलेत."

"लाडू माकडांपाशी न्यायचे नाहीत," उत्तराताई म्हणाल्या. "चिवडा, वेफर्स, केळी, जे काही असेल ते बसमध्ये. आणि माकडाच्या डोळ्यांत रोखून बघायचं नाही. त्यांना ते भांडणाचं वाटतं."

"आमच्याकडे माथेरानला तर हातातून पिशवी ओढतात," बाबा म्हणाले.

"इथली नाही ओढत. इथल्यांना पर्यटकांनी कधी काही दिलेलंच नाही, म्हणून."

नागानोहून बसने डोंगरात गेलो. पुढे जंगलातून पायी वाट होती. दोन्ही बाजूंना देवदाराची उंच झाडं आणि बर्फ एवढा शांत की आपलाच श्वास ऐकू यावा. वाट अरुंद, एका बाजूला उतार. वीणा मावशी मध्यावरून नीट चालत होत्या; पण दोनदा त्यांचा पाय कडेच्या भुसभुशीत बर्फात गेला. दुसऱ्यांदा उत्तराताईंनी मागचा घोळका माझ्यावर सोपवला आणि जाऊन त्यांचा दंड धरला. "मला धरायची गरज नाही," मावशी म्हणाल्या. "मला आहे ना," उत्तराताई म्हणाल्या, "मी घसरते."

आणि मग ती माकडं. दगडी कुंडातून वाफ निघत होती आणि त्या गरम पाण्यात लाल तोंडाची, करड्या लोकरीची माकडं डोळे मिटून बसली होती, थेट दिवाळीच्या पहाटे तेल लावून पाटावर बसलेल्या माणसांसारखी. एक दुसऱ्याच्या मानेतलं काहीतरी वेचून काढत होतं. पिल्लं कडेवरून पाण्यात उड्या मारत होती. बाबा एका ओंडक्यापाशी टेकले, तर एक मोठं माकड आलं आणि त्यांच्या शेजारी पाठ करून बसलं. बाबांना उठताही येईना आणि त्याच्याकडे बघताही येईना. ते समोर बघत, ओठ न हलवता म्हणाले, "कल्पना, फोटो काढ. लवकर काढ."

वीणा मावशी कुंडाच्या कठड्याशी उभ्या होत्या. त्यांच्या अगदी उजव्या हाताला एक मादी पिल्लाला छातीशी घेऊन बसली होती. सगळे तिच्याकडे बघत होते, आणि मावशींना ती दिसलीच नव्हती. कोणीतरी दाखवलं, तेव्हा त्यांनी सगळी मान वळवली. मग मात्र त्या तिच्याकडे बघतच राहिल्या. आधी तिचा चेहरा, मग जरा मान खाली करून पिल्लू, मग पिल्लाचा हात. एखादं मोठं चित्र तुकड्यातुकड्याने बघावं तसं. उत्तराताई लांबून त्यांना निरखत होत्या. त्या वेळी मला त्यात काही वेगळं वाटलं नाही.

जेवायला आम्ही खाली नागानोत परतून झेनकोजी देवळाच्या रस्त्यावरच्या एका सोबाच्या दुकानात गेलो. छोटं, लाकडी, काचांवर वाफ धरलेली. सोबाच्या शेवया ज्यात बुडवून खायच्या त्या सारात मासा असतो, आणि आमच्या गटात निम्मे शाकाहारी. उत्तराताईंनी या दुकानाच्या मालकाला दोन हिवाळे गळ घातली होती. पहिल्या हिवाळ्यात तो नुसती मान हलवायचा. त्याच्या आजोबांपासूनचं सार, त्यातला मासा काढून कसं चालेल? दुसऱ्या हिवाळ्यात त्याने स्वतःच समुद्री गवत आणि वाळवलेले मशरूम यांचं वेगळं सार करून ठेवलं. आता ते सार त्याच्या कायमच्या पाट्यांवर आहे. आम्हाला बघून तो आतूनच ओरडला, "उत्तारा-सान!"

वीणा मावशी लाडवाचा डबा उघडून बसल्या. बाबांनी विचारलं, "हे सोबा कसलं असतं?"

"कुट्टूचं, म्हणजे बकव्हीटच्या पिठाचं," उत्तराताई म्हणाल्या.

"कुट्टू?" बाबा म्हणाले. "मग उपासाला चालतं की! माझ्या दिल्लीच्या मेहुणीकडे उपासाला कुट्टूच करतात."

मावशींनी डब्याचं झाकण लावलं. उत्तराताईंनी मालकाला विचारलं. तो म्हणाला, नेहमीच्या सोबात थोडा गहू असतो; पण निव्वळ कुट्टूचंही करतो, जरा तुटकं होईल. मग प्रश्न आला मशरूमचा. मशरूम उपासाला चालतं की नाही यावर टेबलावर तीन मतं पडली. शेवटी मावशींनी गार सोबा नुसत्या मिठाबरोबर खाल्लं. मालक कडेला उभा राहून बघत होता. हात जोडून म्हणाला, आमच्यातले जुने जाणकार पहिला घास असाच मिठाबरोबर खातात. उत्तराताईंनी ते मराठीत सांगितलं तेव्हा मावशी एवढ्या खूश झाल्या की त्यांनी त्याला एक राजगिऱ्याचा लाडू दिला. त्याने तो दोन्ही हातांनी घेतला.

झेनकोजीला पोचलो तेव्हा बारीक बर्फ भुरभुरत होता. प्रचंड लाकडी देऊळ. मोठ्या उदबत्तीपात्राभोवती लोक धूर अंगावर ओढून घेत होते. आत शिरल्यावर बिंझुरूची, म्हणजे बुद्धाच्या एका शिष्याची, मूर्ती आहे. ज्याचं जे दुखतं त्याने मूर्तीचा तो भाग चोळायचा आणि मग आपला. शेकडो वर्षं चोळून चोळून त्याच्या चेहऱ्यावर नाक-डोळे नावालाच उरले आहेत. आमच्या मंडळींनी एकच झुंबड केली. गुडघे, गुडघे, कंबर, गुडघे. बाबांनी गुपचूप त्याचं पोट चोळलं.

वीणा मावशी सगळे पांगल्यावर पुढे गेल्या. त्यांनी दोन्ही अंगठे बिंझुरूच्या डोळ्यांच्या जागी ठेवले आणि कितीतरी वेळ तसेच फिरवले. मग आपल्या मिटलेल्या डोळ्यांवर.

उत्तराताई त्यांच्या शेजारी जाऊन उभ्या राहिल्या. मी तिथेच होते. हळूच म्हणाल्या, "मावशी, कडेचं दिसत नाही ना तुम्हाला?"

मावशींनी आधी हसण्यावारी नेलं. मग इकडेतिकडे पाहिलं. "काचबिंदू आहे गं. चार वर्षं झाली. समोरचं दिसतं, नळीतून बघितल्यासारखं."

"औषध?"

"थेंब होते. ते इथे येऊन संपले. महिना झाला असेल." त्या घाईने म्हणाल्या, "स्वानंदला माहीत नाही. त्याला सांगितलं असतं तर त्याने मला येऊच दिलं नसतं, किंवा तोच नोकरी सोडून तिकडे आला असता. तो तसा आहे. मला एकदा त्याचं घर बघायचं होतं, दिसतंय तोवर. आणि ही माकडं. त्याने फोटो पाठवला होता ना मागे."

उत्तराताई म्हणाल्या, "मावशी, हे थेंब एक दिवससुद्धा चुकवायचे नसतात. माझ्या वडिलांना होता काचबिंदू. तुम्ही आज घरी गेल्यावर त्याला सांगायचं."

"आणि नाही सांगितलं तर?"

"तर मी सांगीन. मग तुम्ही माझ्यावर रागवा."

मावशींचा चेहरा उतरला. त्या तशाच पुढे चालू लागल्या. मला वाटलं, झालं, आता दिवसाचा विचका झाला.

त्या देवळात गाभाऱ्याच्या खालून एक बोगदा जातो. काळाकुट्ट. उजवा हात भिंतीला लावून चालायचं, आणि वाटेत कुठेतरी एक कुलूप हाताला लागतं. बरोबर वरच्या देवाच्या खाली. तो देव कधी कोणी पाहिलेला नाही. तो कायम झाकलेला असतो. कुलपाला हात लागला की पुण्य. उत्तराताईंनी सगळ्यांना समजावून सांगितलं, पायऱ्यांवरून एकेकाला खाली सोडलं. बाबा सगळ्यांत पुढे. शेवटी मी, वीणा मावशी आणि त्या उरलो.

"चला," मावशी म्हणाल्या. अजून रुसवा होताच आवाजात.

"तुम्ही कल्पनाबरोबर व्हा पुढे. मी पलीकडे बाहेर उभी राहते."

"तू नाही येत?"

"मी कधीच जात नाही," उत्तराताई म्हणाल्या, आणि मी पहिल्यांदा त्यांचा चेहरा पांढरा पडलेला पाहिला. "मला बंद अंधार सोसत नाही, मावशी. भूकंप झाला ना इथे, दोन हजार अकरात. तेव्हा मी आमच्या लिफ्टमध्ये अडकले होते. मिताली दोन वर्षांची, कडेवर. दिवे गेले. आणि सगळं हलतच होतं. किती तास ते मला आजही नीट सांगता येत नाही. ती रडून रडून झोपली, तेव्हा मला वाटलं की..." त्या थांबल्या. "नंतर आम्ही सहा महिने चिंचवडला होतो. परत आले, सगळं केलं. पण हे जमत नाही."

वीणा मावशींनी पूर्ण मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं. रुसवा कुठल्या कुठे गेला. त्यांनी उत्तराताईंचा डावा हात आपल्या हातात घेतला. "माझ्या मागे ये. मला अंधाराची रोज थोडी थोडी सवय होतेय. कल्पना, तू हिच्या मागे राहा."

"नको मावशी, खरंच..."

"तीन पायऱ्या उतर. नको वाटलं तर तीन चढ."

उत्तराताई उतरल्या. मी त्यांच्या पाठीवर हात ठेवला होता. वळण घेतलं आणि उजेड संपला. डोळे उघडे की मिटलेले हेही कळेना, असा अंधार. भिंत गार आणि गुळगुळीत. थोडं पुढे गेल्यावर उत्तराताई थबकल्या. त्यांचा श्वास वरच्या वर चालला होता.

पुढून मावशींचा आवाज आला, अगदी स्वयंपाकघरातला. "उत्तरा, आज रात्री काय करणार आहेस जेवायला?"

नुसता बोटं भिंतीवर घासल्याचा आवाज आला.

"अगं, विचारतेय मी. घरी जाऊन काय करशील?"

"भोपळा," त्या कशाबशा म्हणाल्या. "भोपळा आहे घरात."

"भरीत की भाजी?"

"भाजी."

"मेथ्या घालतेस फोडणीत?"

"घालते."

"चल मग, पाय उचल. गूळ घालतेस का?"

"मितालीला गोड आवडत नाही."

"तिला नाही आवडत, पण तुला? स्वतःपुरता वेगळा घालावा थोडा."

अशा त्या भोपळ्याच्या भाजीवर आम्ही तो बोगदा चालत होतो. पुढे कुठूनतरी खडखडाट झाला आणि बाबांचा विजयी आवाज घुमला, "मिळालं! इथे आहे! कमरेच्या जरा वर!" सगळा बोगदा हसला. उत्तराताईही हसल्या, मला ते हाताला कळलं. मग त्यांचा हात कुलपाला लागला, खाडकन वाजलं, आणि त्या एकदम रडायला लागल्या. मावशी तिथेच उभ्या राहिल्या. मागचे जपानी लोक थांबले. कोणी एक शब्दाने घाई केली नाही.

बाहेर आल्यावर उत्तराताईंनी डोळे पुसले, शाल छत्रीला पुन्हा बांधली आणि नेहमीच्या आवाजात म्हणाल्या, "ओयाकी कोणाकोणाला? वांग्याचं, भोपळ्याचं आणि मोहरीच्या पानाच्या लोणच्याचं आहे."

परतीच्या गाडीत दोघी शेजारी बसल्या होत्या. बहुतेक वेळ मावशी झोपल्या होत्या. टोकियो यायच्या आधी त्या जाग्या झाल्या आणि म्हणाल्या, "मी सांगते त्याला. पण तू उभी राहा तिथे."

स्वानंद फलाटावर वाट बघत होता. बाकीचे लोक पुढे गेले. मला मात्र निघता येईना, कारण बाबा हट्टाने तिथेच उभे राहिले. मावशींनी दोन वाक्यांत सांगून टाकलं. स्वानंदचा चेहरा आधी लाल झाला. "आई, महिनाभर? माझ्या घरात राहून?" तो आईवर चिडला, मग उत्तराताईंकडे वळून म्हणाला, "आणि हे मला आज एका टूरवर कळतंय!" मग त्याने आईची पर्स तिच्या खांद्यावरून काढून आपल्या खांद्यावर घेतली आणि नुसता तिच्या हाताला धरून उभा राहिला.

"सोमवारी सकाळी," उत्तराताई म्हणाल्या. "स्टेशनजवळ डोळ्यांच्या डॉक्टर आहेत. मी येते बरोबर."

"तुम्ही कशाला..."

"तुला कॉम्प्युटरचं जपानी येतं. डोळ्यांच्या आतल्या दाबाला काय म्हणतात, सांग बरं."

त्याला सांगता आलं नाही. उत्तराताईंनाही येत नव्हतं. रविवारी त्यांनी मोरिता-सानना फोन लावून ते विचारून घेतलं. मोरिता-सान आता चिबाला लेकीकडे असतात. त्यांच्या स्वतःच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं, त्यामुळे त्यांनी तासभर सगळं सांगितलं.

सोमवारी मलाही मावशींनी नेलं, सोबतीला. डॉक्टर तरुण होत्या, मृदू बोलणाऱ्या. तपासून त्या म्हणाल्या, दाब बराच वाढलाय. जे गेलं ते परत येणार नाही, पण जे आहे ते औषधाने बऱ्यापैकी सांभाळता येईल. रोज, न चुकता. स्वानंदने फोनवर सकाळ-संध्याकाळचे गजर तिथेच लावले. थेंबांनी दोन आठवड्यांत दाब उतरला. मावशींनी तिकीट पुढे ढकललं, चेरीचा बहर पाहिला, समोरचा पाहिला आणि मान वळवून वळवून कडेचाही पाहिला, आणि एप्रिलच्या शेवटी कोथरूडला गेल्या. आता स्वानंद रोज व्हिडिओ कॉलवर त्यांना थेंब घालायला लावतो. कधीकधी मावशींच्या तक्रारी उत्तराताईंकडे येतात.

पण त्या सोमवारची एक गोष्ट सांगायची राहिली. इथे राहून मावशींना एकच जपानी शब्द येत होता, 'हाय', म्हणजे 'हो', आणि तो त्या सगळ्यांना सगळ्याला म्हणायच्या. तपासणी झाल्यावर डॉक्टरांनी उत्तराताईंकडे बोट दाखवून मावशींना विचारलं, "या तुमच्या मुलगी का?"

"हाय," मावशी जोरात म्हणाल्या. "हाय, हाय."

उत्तराताईंनी डॉक्टरांची चूक दुरुस्त केली नाही. स्वानंदनेही नाही.